अपील चालू असतानाच वाद संपला तर? कोल्हापूरच्या पक्षकारांचे नेहमीचे प्रश्न

दिवाणी अपील काही वर्षं पडून राहिलं, की कोर्टाबाहेर परिस्थिती बदलत जाते. भाडेकरू जागा सोडतो, ऊस तुटून कारखान्याला जातो, चुलते वारतात, जमीन रस्त्यात जाते. मग एखाद्या तारखेला समोरचे वकील उठून सांगतात, की या अपिलात आता काही उरलेलं नाही, निष्फळ म्हणून निकाली काढा. खालची प्रश्नोत्तरं त्या तारखेच्या आधी वाचावीत. कसबा बावड्याच्या न्यायसंकुलापासून गडहिंग्लज, इचलकरंजीपर्यंत पक्षकार फिरूनफिरून विचारतात तेच प्रश्न इथे घेतले आहेत.

अपील निष्फळ झालं म्हणजे नेमकं काय होतं?

तुम्ही जे मागितलं ते देऊन किंवा नाकारून दोन्ही पक्षांच्या हक्कांत काहीच फरक पडणार नसेल, तर अपील निष्फळ. कोर्ट नुसत्या शंकेचं निरसन करत बसत नाही, त्याला जिवंत वाद लागतो. दिवाणी प्रक्रिया संहितेत यासाठी वेगळं कलम नाही. (खाली ज्या कलमांना आणि आदेशांना कायद्याचं नाव दिलेलं नाही, ती याच संहितेतली.) कलम १५१ खालच्या अंगभूत अधिकारात हे केलं जातं. शिपिंग कॉर्पोरेशन विरुद्ध मचाडो ब्रदर्स या २००४ च्या निकालात सुप्रीम कोर्टानं तसं स्पष्ट केलं आहे. तिथे एजन्सी बंद करण्याच्या पहिल्या नोटिशीवर दावा होता, नंतर नवी नोटीस आली आणि जुन्या दाव्यात भांडण्यासारखं काही राहिलं नाही.

मग आम्ही जिंकलो की हरलो?

सगळ्यात जास्त घोटाळा इथेच होतो. निष्फळ म्हणून अपील निघालं, की दोन्हीकडची माणसं आपापल्या गावात ‘आपल्यासारखं झालं’ म्हणून सांगतात. प्रत्यक्षात अपील कोर्टानं गुणदोषांवर काही ठरवलेलंच नसतं. पण खालच्या कोर्टाचा हुकूमनामा (डिक्री) त्यामुळे आपोआप पुसला जात नाही. वरच्या आदेशात वेगळं काही लिहिलेलं नसेल, तर तो जागच्या जागी उभा राहतो. त्यातला खर्चाचा आदेश, थकबाकी, नुकसानभरपाई आणि त्यातले निष्कर्षसुद्धा.

निष्कर्षांचं विशेष जपावं. समजा तुमच्या दाव्यात खालच्या कोर्टानं लिहिलं, की ‘वादी हा विहिरीचा सहमालक नाही’. तुमची तक्रार त्या वर्षीच्या पाण्याच्या पाळीपुरती होती आणि ते वर्ष सरलं. अपील निष्फळ म्हणून सोडून दिलंत, तर पुढच्या दाव्यात समोरचा तोच कागद कलम ११ खाली पुढे करणार, की हे आधीच ठरलेलं आहे. प्राथमिक कारणावरून अपील फेटाळलं गेलं तर खालचा निकाल कायम होऊन पूर्वन्यायाचा (एकदा ठरलेला मुद्दा पुन्हा न चालवण्याच्या नियमाचा) अडथळा येतो, हे शिवदान सिंग प्रकरणात सुप्रीम कोर्टानं १९६६ मध्येच सांगितलं. निष्फळ म्हणून निघालेल्या अपिलाबाबत युक्तिवादाला जागा आहे, पण ती जागा पुढच्या कोर्टात भांडत बसण्यापेक्षा याच कोर्टात आदेशाच्या दोन ओळी नीट लिहून घेणं स्वस्त पडतं.

त्या दोन ओळी कोणत्या?

एक, खालच्या निकालातले निष्कर्ष पुढच्या कारवाईत पक्षकारांवर बंधनकारक राहणार नाहीत आणि सर्व मुद्दे खुले ठेवले आहेत. दोन, नवं कारण घडल्यास योग्य ती कारवाई करण्याची मुभा आहे. कोर्ट हे देईलच असं नाही. पण मागितलंच नाही तर नक्कीच देणार नाही. हे मागणं पुरसिशीत, म्हणजे कोर्टाला दिलेल्या लेखी निवेदनात, हवं. तोंडी विनंती रोजनाम्यात (कोर्टाच्या तारखेच्या नोंदीत) उतरली नाही, तर ती झालीच नाही असं समजा.

दरखास्तीत (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या कामात) बेलिफ आला, ताबा घेऊन गेला. आता अपिलात काय राहिलं?

सगळं राहिलं. हुकूमनाम्याच्या जोरावर ताबा गेला म्हणून अपील निष्फळ होत नाही. अपील मंजूर होऊन हुकूमनामा रद्द झाला, तर कलम १४४ खाली पूर्वस्थिती मागता येते. म्हणजे ताबा परत, आणि मधल्या काळातल्या नुकसानीबद्दलही मागणी करता येते. त्यासाठी वेगळा दावा लावायचा नसतो. मूळ हुकूमनामा ज्या कोर्टाचा, तिथेच अर्ज द्यायचा.

मात्र ताबा पंचनाम्यावर सही करताना काय लिहिलंय ते वाचा. ‘स्वखुशीने, कोणतीही तक्रार न ठेवता ताबा दिला’ हे वाक्य पुढे फार महागात पडतं. ‘अपिलातील हक्क राखून’ एवढं लिहायला बेलिफ सहसा हरकत घेत नाही. घेतलीच, तर दुसऱ्या दिवशी अपील कोर्टात तसं शपथपत्र द्या.

मुळात इथवर वेळ येते ती बहुतेकदा एका गैरसमजामुळे. अपील दाखल केलं की खालचा निकाल थांबतो, असं अजूनही कित्येकांना वाटतं. आदेश ४१ नियम ५ नेमकं उलट सांगतो. नुसत्या अपिलानं काही थांबत नाही, स्थगिती वेगळी मागावी लागते. ती मागताना उशीर झालेला नाही, स्थगिती न मिळाल्यास मोठं नुकसान होईल आणि आम्ही जामीन द्यायला तयार आहोत, हे तिन्ही दाखवावं लागतं.

पैशाचा हुकूमनामा होता. जप्ती नको म्हणून पैसे भरून टाकले. अपील संपलं?

नाही, भरताना हक्क राखून भरले असतील तर. पण ‘संपूर्ण समाधान झाले, तक्रार नाही’ अशी पुरसिस दोघांनी मिळून दिली असेल, तर समोरचा तीच तडजोड म्हणून दाखवणार.

भाडेकरूनं अपील चालू असताना स्वतःहून दुकान रिकामं केलं. घरमालकानं काय करावं?

ताब्याचा प्रश्न मिटला, पैशाचा नाही. मागचं भाडं आणि निकालानंतर जागा वापरल्याबद्दलची भरपाई हे मुद्दे जिवंत राहतात. स्थगिती देताना बाजारभावाच्या जवळ जाणारी रक्कम भरण्याची अट घालता येते, हे आत्मा राम प्रॉपर्टीजच्या २००४ च्या निकालापासून पक्कं आहे. लक्ष्मीपुरीत किंवा राजारामपुरीत जुनं भाडं आणि आजचं भाडं यातली तफावत काय असते, ते इथल्या लोकांना सांगायला नको. तेव्हा ‘जागा मिळाली ना, मग सोडा’ असा सल्ला कुणी दिला, तर आधी हिशोब मांडा.

भाडेकरूच्या बाजूनंही एक लक्षात ठेवण्यासारखं आहे. स्वतःच्या गरजेचं कारण सांगून घरमालकानं हुकूमनामा मिळवला असेल आणि ताबा घेतल्यावर महिन्याभरात जागा वापरात आणली नाही, किंवा वर्षाच्या आत दुसऱ्यालाच भाड्यानं दिली, तर महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम १९९९ चं कलम १७ जुन्या भाडेकरूला परत येण्याची वाट देतं.

मुलाच्या धंद्यासाठी गाळा हवा म्हणून दावा केला. अपिलापर्यंत मुलगा पुण्याला नोकरीला लागला. आता गरजच उरली नाही ना?

एवढ्यानं गरज संपली असं कोर्ट मानत नाही. गया प्रसाद प्रकरणात मुलाच्या दवाखान्यासाठी जागा मागितली होती. खटला दोन दशकांहून जास्त चालला आणि तोवर मुलगा सरकारी वैद्यकीय सेवेत लागला. २००१ मध्ये सुप्रीम कोर्टानं म्हटलं, की गरज मूळ अर्जाच्या तारखेला बघायची. नंतरच्या घटनेनं ती पूर्णपणे झाकोळली गेली, तरच वेगळा विचार करायचा. कोर्टाच्या दिरंगाईची शिक्षा घरमालकाला कशाला? मुलगा हातावर हात ठेवून बसून राहील, अशी अपेक्षा धरणं बरोबर नाही.

पण उलटंही घडतं. अपील चालू असताना घरमालकाच्या हाती शेजारचाच गाळा रिकामा आला आणि तो त्यानं वापरायला घेतला, तर ही घटना कोर्टाला बघावी लागते. १९७५ च्या पसुपुलेटी निकालात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी हा नियम नेटका मांडला आहे. मागणीच्या मुळाशी भिडणारी नंतरची घटना कोर्टानं सावधपणे, पण जरूर विचारात घ्यावी.

२०१९ च्या महापुरात जुना वाडा पडला. भाडेकरूचा हक्क गेला का?

नाही गेला. आणि हे ठरलं ते आपल्या शेजारच्या सांगलीतल्या जागेवरून. तिथे महापालिकेनं इमारत पाडली आणि घरमालकाचं म्हणणं पडलं, की भिंतीच नाहीत तर भाडेकरार कसला. आधीचा एक निकाल खरोखरच त्या बाजूचा होता. शहा रतनशी खिमजी विरुद्ध कुंभार सन्स हॉटेल या प्रकरणात सुप्रीम कोर्टाच्या तीन न्यायमूर्तींच्या पीठानं २०१४ मध्ये तो रद्द ठरवला. इमारत गेली तरी जमिनीवरचा भाडेहक्क राहतो, आणि करार संपवायचा की नाही हा पर्याय मालमत्ता हस्तांतरण कायद्यानं भाडेकरूला दिला आहे.

त्यामुळे पंचगंगेच्या पाण्यानं किंवा महापालिकेच्या धोकादायक इमारतीच्या नोटिशीनं वाडा जमीनदोस्त झाला, म्हणून बेदखलीचं अपील निष्फळ झालं, हा युक्तिवाद आता चालत नाही. भाडेकरूनं एवढं करावं, की पाडकामाआधीचा पंचनामा, आपल्या ताब्यातलं क्षेत्र आणि फोटो हे सगळं अपिलाच्या फाईलला लावावं. पुढे त्या जागेवर नवी इमारत उभी राहिली की ‘तुमची खोली नेमकी कुठं होती’ हा प्रश्न येतोच.

ऊस तोडू नये म्हणून मनाई मागितली होती. अपिलाच्या तारखेपर्यंत ऊस कारखान्याला गेला.

शिरोळ, हातकणंगले, कागल भागात हा प्रकार हंगामागणिक होतो. सहहिस्सेदार तोड लावतो, दुसरा तूर्तातूर्त (दाव्याचा निकाल लागेपर्यंतची) मनाई मागतो, खालचं कोर्ट अर्ज फेटाळतं आणि किरकोळ दिवाणी अपील बोर्डावर येईपर्यंत शेतात खोडवा डोलत असतो. त्या तोडीपुरतं अपील खरंच निष्फळ. उभा ऊस परत शेतात रोवता येत नाही.

पण बिल कुठं गेलं? ऊस (नियंत्रण) आदेश १९६६ प्रमाणे ऊस घातल्यापासून १४ दिवसांत पैसे द्यायचे असतात. तेव्हा घाई असते ती तोडीपेक्षा बिलाची. मनाईच्या अर्जातच पर्यायी मागणी लावून ठेवावी, की तोड थांबली नाही तर बिलाची रक्कम कोर्टात जमा व्हावी किंवा तोडणाऱ्यानं हिशोब ठेवावा. ही एक ओळ अर्जात असेल तर ऊस गेला तरी अपील जगतं. नसेल, तर आदेश ६ नियम १७ खाली दुरुस्ती मागा.

बांधकामाच्या मनाईचंही थोडंफार असंच. ‘बांधू नये’ ही मागणी भिंत उभी राहिल्यावर संपते, म्हणून ‘बांधलेलं काढावं’ अशी दुरुस्ती वेळेत करायची. आणि मनाई चालू असताना कुणी रातोरात स्लॅब टाकला असेल, तर त्याचा वेगळा जाब आदेश ३९ नियम २अ खाली आहे. तिथे मालमत्तेची जप्ती आणि 3 महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. काम पूर्ण करून ‘आता काय उपयोग’ म्हणणाऱ्याला कोर्टानं बक्षीस देऊ नये, असं माझं स्पष्ट मत आहे.

तूर्तातूर्त मनाईवर अपील चालू होतं आणि मूळ दाव्याचाच निकाल लागला.

मग ते अपील संपलं. अंतरिम आदेश अंतिम निकालात विरतो. आता हुकूमनाम्यावर नवं अपील करायचं आणि त्यात पुन्हा स्थगिती मागायची. जुन्या अपिलातली ‘जैसे थे’ परिस्थिती त्या दिवशीच संपते. नवा अर्ज लगेच तयार हवा.

वाटपाच्या प्राथमिक (कुणाचा हिस्सा किती ते ठरवणाऱ्या) हुकूमनाम्यावर अपील आहे. खाली मोजणी होऊन अंतिम हुकूमनामाही झाला. आमचं अपील बाद?

नाही. अंतिम हुकूमनामा हा प्राथमिकच्या पायावर उभा असतो. पाया काढला की वरचं आपोआप जातं. सीतल प्रसाद प्रकरणात सुप्रीम कोर्टानं हे १९६७ मध्ये सांगून ठेवलं आहे. उलट धोका दुसरीकडे आहे. प्राथमिक हुकूमनाम्यावर अपील केलंच नाही आणि अंतिम झाल्यावर हिश्श्याची तक्रार केली, तर कलम ९७ आड येतं.

मुलींच्या हिश्श्याबाबत तर अपील चालू असणं ही संधीच आहे. विनीता शर्मा प्रकरणात ११ ऑगस्ट २०२० रोजी सुप्रीम कोर्टानं सांगितलं, की प्राथमिक हुकूमनामा झालेला असला तरी अंतिम हुकूमनाम्याच्या कामात किंवा अपिलात मुलीला मुलाइतका हिस्सा द्यायचा. तेव्हा ‘ताई, ते सगळं आधीच ठरलंय, आता सही करून टाक’ असं कुणी म्हणालं, तर सही करण्यापूर्वी अपिलाचे कागद बघा.

वादातली जमीन महामार्गाला गेली. आता भांडायचं कशावर?

मोबदल्यावर. रत्नागिरी–नागपूर महामार्गाच्या पट्ट्यातल्या भावकीला हा प्रश्न अंगवळणी पडला आहे. जमीन सरकारजमा झाली म्हणून हिस्सा कुणाचा किती, हा वाद मिटत नाही. तो जमिनीवरून रकमेवर जातो. राष्ट्रीय महामार्ग अधिनियम १९५६ च्या कलम ३एच(४) प्रमाणे वाटणीचा वाद सक्षम प्राधिकारी मुख्य दिवाणी न्यायालयाकडे पाठवतो. म्हणून अपील चालू आहे हे प्राधिकाऱ्याला लेखी कळवा आणि पोच घ्या. सातबाऱ्यावर एकट्याचं नाव आणि रक्कम वाटप झालेली, अशी वेळ आली तर वसुलीचं नवंच काम मागे लागतं.

समोरच्यानं अपील चालू असताना जमीन तिसऱ्यालाच विकली.

विकू दे. मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ प्रमाणे घेणाऱ्यावर निकाल बंधनकारक राहतो. आदेश २२ नियम १० खाली त्याला अपिलात आणता येतं.

अपिलात वीस जाबदेणार (ज्यांच्याविरुद्ध अपील आहे ते) आहेत. त्यातले एक चुलते वारले आणि कुणाला कळवलंच नाही.

याला निष्फळ म्हणत नाहीत, अपील अबेट होतं, म्हणजे वारस न लावल्यामुळे आपोआप संपतं, असं म्हणतात, आणि हे जास्त घातक. मयताचे वारस ९० दिवसांत लावायचे. ते राहिलं तर पुढच्या ६० दिवसांत अबेटमेंट रद्द करण्याचा अर्ज, त्यानंतर उशीर माफीसह. हुकूमनामा एकत्रित आणि न तोडता येणारा असेल, तर एका मयतामुळे सगळं अपील कोसळतं. नथू राम प्रकरणात (१९६२) दोन भावांच्या नावे भूसंपादनाचा एकत्र मोबदला होता. एका भावाचे वारस सरकारनं वेळेत लावले नाहीत, म्हणून सरकारचं अख्खं अपील गेलं.

मयताच्या वकिलांनी कोर्टाला कळवावं, असं आदेश २२ नियम १०अ सांगतो खरा, पण त्यावर विसंबून राहू नका. मोठ्या भावकीच्या अपिलात एक माणूस नेमा, जो कोण वारलं, कोण पुण्या-मुंबईला गेलं याचा माग ठेवील. एक दिलासा आहे. युक्तिवाद संपल्यानंतर आणि निकालाआधी कुणी वारलं, तर नियम ६ प्रमाणे अपील अबेट होत नाही.

दोन दावे एकत्र चालले, निकालपत्र एकच. अपील एकच केलं तर चालेल?

मोठी जोखीम आहे. हुकूमनामे दोन असतील तर अपिलंही दोन करा. नाहीतर अपील न केलेल्या दाव्यातला हुकूमनामा कायम होतो आणि चालू अपिलाच्या आड उभा राहतो. त्यामुळे समोरच्याला पहिल्याच तारखेला हरकत घेता येते.

घटस्फोटाच्या अपिलात नवरा वारला. आता अपील चालवून काय मिळणार?

पत्नी म्हणून असलेला हक्क. कोणी विधवा ठरायचं आणि कोणी घटस्फोटित, यावर वारसा आणि निवृत्तिवेतन अवलंबून असतं. सुप्रीम कोर्टानं १९९७ मध्ये हे मान्य केलं आहे, की नवऱ्याच्या मृत्यूनंतरही बायको घटस्फोटाच्या हुकूमनाम्याला आव्हान देऊ शकते. आणि घटस्फोट मिळाला म्हणून अपिलाची मुदत संपायच्या आत किंवा अपील चालू असताना लग्न उरकून घेऊ नका. हिंदू विवाह कायद्याचं कलम १५ नीट वाचा.

सोसायटीच्या निवडणुकीचा वाद पाच वर्षं चालला आणि संचालक मंडळाची मुदतच संपली.

बहुतेक वेळा निष्फळ. ओडिशा विधानसभा विसर्जित झाल्यावर निवडणुकीचं अपील सुप्रीम कोर्टानं १९७४ मध्ये याच कारणानं चालवलं नाही. अपात्रता पुढच्या निवडणुकीला आड येणार असेल, तर मात्र तो मुद्दा आवर्जून मांडावा.

समोरचा म्हणतोय निष्फळ झालं, आम्हाला मान्य नाही. काय दाखल करायचं?

लेखी म्हणणं आणि शपथपत्र. ‘काहीच उरलं नाही’ हे सिद्ध करणं त्याचं काम आहे. नवे कागद, म्हणजे फेरफार, मृत्यूचा दाखला, पंचनामा, आदेश ४१ नियम २७ खाली अर्ज करून द्या. नुसते फाईलला खोचलेले कागद पुरावा होत नाहीत. तुमची कुठली मागणी अजून जिवंत आहे, ते अपिलाच्या विनंतीच्या परिच्छेदाशी जुळवून दाखवा. खर्चाचा आदेश तुमच्यावर असेल तर तोही सांगा.

त्यापेक्षा मिटवलं तर?

दोघांनाही खरंच काही उरलं नसेल, तर लोकअदालतीत तडजोड करून घेणं निष्फळ म्हणून काढण्यापेक्षा बरं. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम १९८७ च्या कलम २१ प्रमाणे तो निवाडा हुकूमनाम्यासारखा असतो, त्यावर अपील नाही आणि कोर्ट फी परत मिळते.

जिल्हा न्यायालयानं चुकीनं निष्फळ ठरवलं. पुढे कुठं?

कोर्टापुढे चुकीची माहिती गेली असेल तर आधी तिथेच, आदेश ४७ खाली ३० दिवसांत पुनर्विलोकन. कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असेल तर कलम १०० खाली दुसरं अपील, मुदत ९० दिवस. भाडे नियंत्रणाच्या प्रकरणात दुसरं अपील नाही, तिथे रिट किंवा फेरतपासणीचा विचार करावा लागतो. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच इथेच, सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या कोर्टाच्या इमारतीत बसतं. रात्रीच्या गाडीनं मुंबई गाठून सकाळी फोर्टमध्ये उभं राहायची सक्ती आता नाही.

मोबाईलवर ई-कोर्ट ॲपमध्ये नुसतं ‘डिस्पोज्ड’ दिसतंय.

त्यावरून काहीच ठरवू नका. सोळा अक्षरी सीएनआर क्रमांक (प्रत्येक प्रकरणाचा स्वतंत्र क्रमांक) घेऊन आदेश उघडा, आणि त्याच दिवशी प्रमाणित नकलेचा अर्ज द्या. नक्कल मिळायला लागलेला वेळ मुदत कायद्याच्या कलम १२ प्रमाणे मुदतीतून वगळला जातो. पण अर्जच उशिरा दिला असेल, तर त्याआधी वाया गेलेले दिवस वगळून मिळत नाहीत.